राज्य बुडाले, शनिवार टिकला
कोकणातील बेने इस्राएल आणि राज्याविना जगलेली राष्ट्रीय ओळख

राज्य बुडाल्यावर त्या राज्याच्या माणसांचे काय होते, याची दोन उलटी उत्तरे यहुदी इतिहासात सापडतात. इ.स.पू. ७२२च्या सुमारास असिरियाने उत्तरेकडील इस्राएलचे राज्य बुडवले. तिथून हलवलेली माणसे परमुलखात मिसळून गेली आणि वेगळा समाज म्हणून पुन्हा दिसली नाहीत. इ.स.पू. ५८६मध्ये बाबिलोनच्या नबुखद्नेस्सराने दक्षिणेकडील यहुदा जिंकून जेरुसलेमचे मंदिर पाडले. इथले लोकही देशोधडीला लागले, पण विरघळले नाहीत. पुढे इ.स. ७०मध्ये रोमनांनी दुसरे मंदिर उद्ध्वस्त केले, तरीही हा समाज शिल्लक राहिला. राजा, मंदिर आणि भूमी यांवाचून पाळता येईल असा धर्म त्याने घडवला होता. सातव्या दिवसाची विश्रांती, मुलाची सुंता, खाण्याचे निर्बंध आणि ग्रंथपठण या गोष्टी कुठल्याही गावात करता येत होत्या.

या व्यवस्थेतून ग्रंथही गळून पडला तर काय उरते? त्याचे उत्तर रायगड जिल्ह्यात मिळते. अलिबाग, पेण, रोहा-अष्टमी, रेवदंडा, पनवेल या पट्ट्यात शतकानुशतके राहिलेला बेने इस्राएल समाज हे त्या उत्तराचे जिवंत रूप आहे.

नवगावचा किनारा

समाजाच्या परंपरेनुसार अलिबागच्या उत्तरेला नवगावजवळ एक जहाज फुटले आणि त्यातून सात पुरुष व सात स्त्रिया वाचल्या. समुद्राने परत दिलेली प्रेते तिथेच पुरली गेली. नवगावचे दफनस्थान आजही समाजाला पूज्य आहे. समाजाचे इतिहासकार हाइम सॅम्युएल किहिमकर यांनी हे आगमन इ.स.पू. दुसऱ्या शतकातले मानले. त्याला समकालीन लेखी पुरावा नाही आणि अभ्यासक वेगवेगळे काळ सुचवतात. २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासात मात्र या समाजात यहुदी आणि भारतीय अशा दोन्ही वंशांचा वारसा आढळला.

परंपरा असेही सांगते की पोथ्या समुद्रात गेल्या, हिब्रू विसरली, आणि प्रार्थनेतले ‘शमा इस्राएल’ एवढेच शब्द तोंडात राहिले. जन्म असो, लग्न असो वा मृत्यू, प्रत्येक प्रसंगी तेच म्हटले जाई.

घाण्यापासून पानापर्यंत

या लोकांनी तेल गाळण्याचा धंदा धरला. शनिवारी त्यांचा घाणा बंद असे, म्हणून गावाने त्यांना ‘शनवार तेली’ म्हटले. त्यांचे वेगळेपण आठवड्यातून एकदा साऱ्या गावाला दिसत होते. आठव्या दिवशी मुलाची सुंता होई. खवले आणि पर नसलेला मासा घरात येत नसे. मासळीवर जगणाऱ्या किनाऱ्यावर हा नियम रोजच्या बाजारात पाळावा लागे.

सणांची हिब्रू नावे गेली, सण राहिले. नववर्षाला ‘नव्याचा सण’ म्हणत. प्रायश्चित्ताच्या दिवशी दारे लावून घरात उपवास करायचा, तो ‘दारफाळणीचा सण’. यांतला ‘बिरड्याचा रोजा’ या विषयाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा आहे. यहुदी पंचांगातील आव महिन्याच्या नवमीला मंदिराच्या विनाशाचा शोक पाळतात. तोच हा उपवास. त्याच्या जेवणात मोड आणून सोललेल्या कडधान्याचे बिरडे असे. वालाचे बिरडे हा पेण-रोह्याकडच्या प्रत्येक घरातला ओळखीचा पदार्थ. जेरुसलेमच्या पाडावाची तिथी कोकणातल्या स्वयंपाकघरात अशी मुक्कामाला राहिली.

फ्रेंच विचारवंत अर्नेस्ट रेनाँ यांनी १८८२च्या व्याख्यानात सामायिक स्मृती आणि एकत्र राहण्याची इच्छा यांवर राष्ट्र उभे राहते असे मांडले. बेनेडिक्ट अँडरसन यांनी १९८३मध्ये छापील भाषेच्या प्रसारात राष्ट्रकल्पनेचे मूळ शोधले. बेने इस्राएलांकडे छापील अक्षर नव्हते आणि राजांची, युद्धांची सलग स्मृतीही नव्हती. त्यांच्याकडे पाळणूक होती. कारण विसरले तरी कृती चालू राहिली, आणि तिच्यामुळेच पुढे कारण पुन्हा शिकता आले.

गावाचे नाव, गावची भाषा

ही माणसे गावापासून फटकून राहिली नाहीत. पेणकर, रोहेकर, अष्टमकर, वाक्रूळकर, घोसाळकर, नवगावकर, किहिमकर ही त्यांची आडनावे म्हणजे जिल्ह्याचा नकाशाच. मराठी त्यांची मातृभाषा झाली, नऊवारी त्यांच्या बायकांचा पोशाख झाला. काहींनी आंग्र्यांच्या पदरी चाकरी केली. नवस फेडताना पोहे, नारळ, साखर आणि फळे यांचा मलिदा करून एलियाहू हन्नाबी या संदेष्ट्याचे स्मरण केले जाते. अलिबागजवळ खंडाळे येथे त्या संदेष्ट्याच्या रथाची खूण उमटल्याची श्रद्धा आहे. जातिव्यवस्थेची वाईट बाजूही समाजात उतरली: ‘गोरे’ आणि ‘काळे’ असा भेद करून रोटीबेटीचे व्यवहार दीर्घकाळ वेगळे ठेवले गेले.

पुन्हा सापडलेला ग्रंथ

परंपरेनुसार डेव्हिड रहाबी नावाच्या यहुदी प्रवाशाने या लोकांच्या चालीरीतींवरून त्यांना ओळखले आणि काही घराण्यांना धर्मविधी शिकवले. त्या घराण्यांतील पुरुष ‘काजी’ म्हणून गावोगाव विधी करत. रहाबीच्या काळाबद्दल एकमत नाही.

यानंतरचे टप्पे नोंदलेले आहेत. ईस्ट इंडिया कंपनीच्या लष्करातले सॅम्युएल इझिकेल दिवेकर यांनी १७९६मध्ये मुंबईत समाजाचे पहिले प्रार्थनामंदिर बांधले. लोक त्याला मशीदच म्हणत. कोचीनच्या यहुद्यांनी शिक्षक पुरवले. मिशनरी जॉन विल्सन यांनी मराठीतून हिब्रू व्याकरण लिहिले. धर्मांतर हा मिशनऱ्यांचा हेतू फारसा साधला नाही; मराठी बायबल हाती आल्याने समाज उलट आपल्या मूळ धर्माकडे वळला. १८४६मध्ये वल्हांडण सणाची ‘हग्गादा’ मराठी भाषांतरासह मुंबईत छापली गेली. पुण्यात १८७४मध्ये निघालेल्या आवृत्तीच्या चित्रात साडी नेसलेल्या स्त्रिया बेखमीर भाकरी करताना दिसतात. पुढे बायबलमधल्या कथांवर मराठी कीर्तनेही होऊ लागली. अलिबाग, रेवदंडा, पनवेल, पेण, अष्टमी येथे प्रार्थनामंदिरे उभी राहिली.

नवे राष्ट्र, जुनी मायबोली

१९४८मध्ये इस्राएल स्थापन झाले तेव्हा भारतात सुमारे २० हजार बेने इस्राएल होते. पुढच्या काही दशकांत बहुतेक तिकडे गेले. तिथे पोहोचल्यावर त्यांच्याच ओळखीवर शंका घेतली गेली. १९६२मध्ये मुख्य धर्मपीठाने त्यांच्या विवाहांपूर्वी वंशाची चौकशी करण्याचे निर्देश दिले. शनिवारसाठी ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या घाणा बंद ठेवला, त्यांना यहुदी असल्याचा पुरावा मागणे हा घोर अन्याय होता. निदर्शने झाली, प्रश्न संसदेत गेला, आणि १९६४मध्ये त्यांना पूर्ण यहुदी म्हणून मान्यता मिळाली.

लोद, अश्दोद, बीरशेबा, दिमोना या शहरांत आता मराठी ही जपण्याची गोष्ट झाली. ‘मायबोली’ हे मराठी नियतकालिक तिथून निघू लागले. मलिदा तिथेही होतो. कोकणात यहुदीपण टिकवले त्याच रीतीने, म्हणजे ताटातून, गाण्यातून आणि सणातून, इस्राएलमध्ये मराठीपण टिकले. महाराष्ट्रात उरलेल्या यहुद्यांना राज्य सरकारने २०१६मध्ये अल्पसंख्याक दर्जा दिला.

इतर उदाहरणेही याच दिशेने बोट दाखवतात. १७९५च्या फाळणीनंतर पोलंड १९१८पर्यंत नकाशावर नव्हता. पोलिश भाषा आणि कॅथलिक चर्च यांनी तो काळ पार केला. सातव्या शतकात सासानी साम्राज्य कोसळले, पण पारशांनी अग्नी विझू दिला नाही. १८१८मध्ये पेशवाई बुडाली, तरी पंढरीची वारी थांबली नाही. प्रत्येक ठिकाणी ओळख टिकवणाऱ्या संस्था राज्याच्या आश्रयाविना चालणाऱ्या होत्या. बेने इस्राएलांच्या इतिहासातून याला आणखी एक गोष्ट जोडता येते: मराठी होण्यासाठी त्यांना यहुदीपण सोडावे लागले नाही. शनिवारी घाणा थांबवणाऱ्या शेजाऱ्याला गावाने नाव दिले आणि आपल्यात जागाही दिली. अशी जागा देणारा शेजार मिळाला, म्हणूनच घरातली पाळणूक इतकी शतके निर्धास्त चालू शकली.