महामार्गावरचे दवाखाने

मुलांनो, एस.टी.नं मामाच्या गावाला जाताना तुम्ही खिडकीपाशी बसायला भांडता ना? मग एक देखावा तुम्ही हमखास पाहिला असेल. रस्त्याच्या कडेला एक ट्रक उभा असतो. त्याच्या मागे दगडांची रांग, दगडांत खोचलेली बाभळीची फांदी, आणि ट्रकच्या पोटाखालून बाहेर आलेले दोन पाय! बाकीचा माणूस दिसतच नाही. एस.टी. भुर्रकन पुढे निघून जाते आणि ते दोन पाय तिथंच राहतात.

आज मी तुम्हाला त्या दोन पायांच्या माणसाविषयी सांगणार आहे.

आमची शाळा मुंबई-आग्रा महामार्गाच्या अगदी जवळ, धुळ्याच्या थोडी अलीकडे आहे. वर्गात पाढे चालू असताना बाहेर हॉर्न वाजला, की चौथीतली पोरं पाढा न थांबवता सांगतात, "बाई, दहा चाकी!" आता धुळं हे गाव नकाशात शोधा बरं. मुंबईहून आग्र्याकडे जाणारा रस्ता इथून जातो, सुरतेहून नागपूरकडे आणि पुढे कोलकात्याला जाणारा रस्ताही इथूनच जातो, शिवाय सोलापूरचा रस्ता इथंच येऊन मिळतो. म्हणजे देशाच्या चारी दिशांचा माल या चौकातून जातो. आणि जिथं इतके ट्रक येतात, तिथं ते बिघडणारच. म्हणून रस्त्याच्या दोन्ही बाजूंना ट्रकच्या दवाखान्यांची रांगच रांग.

दवाखानाच म्हणायला हवं, कारण इथंही एकच डॉक्टर सगळं बघत नाही. पंक्चरवाला फक्त चाकं बघतो. वायरमन दिवे, बॅटरी आणि हॉर्न. डिझेलच्या पंपाचा कारागीर वेगळा, त्याची खोली बाकीच्यांपेक्षा स्वच्छ, कारण तिथं धुळीचा कण चालत नाही. रेडिएटरवाला झाळकाम करतो. लेथवाला झिजलेला भाग पुन्हा घासून मापात आणतो. डेंटर ठोकून पत्रा सरळ करतो आणि पेंटर त्यावर मोर, कमळ आणि 'हॉर्न ओके प्लीज' काढतो. ग्रीस भरणाऱ्याचं दुकान तर एका ड्रमाएवढंच! आणि या सगळ्यांत मला सर्वांत आवडतो तो पाटेवाला.

पाटे म्हणजे काय, ठाऊक आहे? ट्रकच्या चाकाशेजारी वाकून पाहा, म्हणजे उभ्या ट्रकच्या बरं का, आणि मोठं माणूस बरोबर असताना. लोखंडी पट्ट्यांची एकावर एक रचलेली चळत दिसेल. सगळ्यांत लांब पट्टी एका टोकाला, मग तिच्याहून आखूड, मग आणखी आखूड. सगळ्या पट्ट्या धनुष्यासारख्या किंचित वाकवलेल्या. ट्रकचा सगळा भार या पाट्यांवर असतो. चाक खड्ड्यात गेलं की पाटे दबतात, एकमेकांवर घासतात आणि धक्का पिऊन टाकतात. पाटे नसते तर प्रत्येक खड्ड्याला ट्रकची हाडं खिळखिळी झाली असती.

सगळ्या पाट्यांच्या मधोमध एक बोल्ट असतो. माझ्या अंगठ्याएवढा जाड. तो तुटला की चाकांचा आस जागेवरून सरकतो आणि ट्रक खेकड्यासारखा तिरका चालायला लागतो! मागून बघणाऱ्याला वाटतं, ड्रायव्हरला झोप लागली की काय. खरं म्हणजे बिचाऱ्याचा सेंटर बोल्ट गेलेला असतो.

गेल्या वर्षी मे महिन्याच्या आधी मी एका पाटेवाल्याकडे गेले होते. त्याचा मुलगा माझ्याच वर्गात, चौथीत. हुशार, अक्षर वळणदार. पण दर आठवड्याला एक-दोन दिवस गैरहजर. मला संशय आला, की बापानं पोराला घण धरायला बसवलंय. चार शब्द सुनवावेत म्हणून तावातावानं गेले.

तिथं गर्दी होती. लासलगावहून दिल्लीला निघालेला कांद्याचा ट्रक मेन पाटा तुटून उभा होता. मेन पाटा म्हणजे सर्वांत वरचा, सर्वांत लांब. मिस्तरींनी ट्रक रिकामा केला नाही. लाकडी ठोकळे रचून, जॅक लावून सगळा भार उचलला. मग मोठे नट ढिले करायला दोन माणसं पान्ह्याच्या लांब दांड्यावर अक्षरशः लटकली. भट्टीत दुसरा पाटा लाल झाला होता. मिस्तरी त्याला घणाचे ठोके देऊन बाक आणत होते. चार ठोके, मग डोळ्यांसमोर धरून बघायचं, पुन्हा दोन ठोके. मापाची पट्टी कुठंच नाही. मी विचारलं, तर म्हणाले, "बाई, पाटा जुन्यावर टेकवला की फट दिसते. फट गेली की माप झालं."

आता आपण जरा गणित करू. चिडू नका, सोपं आहे. दहा चाकी ट्रकचं मालासकट एकूण वजन २८ टन ५०० किलोपर्यंत असायला २०१८ सालापासून परवानगी आहे. त्याआधी ते २५ टन होतं. ट्रकचं स्वतःचं वजन वजा केलं तर साधारण १८ टन माल बसतो असं धरू. १८ टन म्हणजे १८,००० किलो कांदा. एका घराला महिन्याला ५ किलो कांदा लागतो असं समजा. भागाकार करा. ३,६०० घरांचा महिन्याभराचा कांदा त्या एका तुटलेल्या पट्टीपायी उन्हात उभा होता! वरून ताडपत्री, आत उकाडा. कांदा कसा सुटतो, हे नाशिक-धुळ्याच्या मुलांना सांगायला नको.

आणि असे ट्रक आहेत तरी किती? नीती आयोगानं २०२२ साली एक अहवाल काढला. त्यात देशात सुमारे ४० लाख ट्रक असल्याचं म्हटलं आहे. देशातला जवळजवळ ७० टक्के माल रस्त्यानंच जातो. तुमची वही, दप्तर, घरातलं तेल, आजोबांचं औषध, यांतलं बरंचसं कधी ना कधी ट्रकमध्ये बसून आलेलं आहे. प्रत्येक ट्रक महिन्यातून एकदाच गॅरेजला गेला असं धरलं, तरी रोज १ लाख ३३ हजार ट्रक कुणाच्या तरी दारात उभे राहतात. हा आकडा मी तुमच्यासारखाच भागाकार करून काढलाय, पण खरा आकडा याहून लहान असेल असं आमच्या रस्त्याकडे बघून तरी वाटत नाही.

या ट्रकांचे मालक म्हणजे मोठमोठ्या कंपन्या असतील असं तुम्हाला वाटेल. तसं नाही. बहुतेक मालकांकडे पाच किंवा त्याहून कमी गाड्या असतात. कित्येकांकडे तर एकच, तीही कर्जावर घेतलेली, आणि मालक स्वतःच ड्रायव्हर. गाडी उभी राहिली तरी बँकेचा हप्ता उभा राहत नाही. कांद्याच्या ट्रकचा ड्रायव्हर तसाच होता. सकाळपासून चहाशिवाय काही घेतलं नव्हतं त्यानं. पुन्हा पुन्हा एकच विचारत होता, "उस्ताद, शाम तक हो जाएगा ना?"

हा धंदा एवढा वाढला कसा, त्याचीही गोष्ट आहे. १९५४ साली टेल्को कंपनीनं (आज तिला टाटा मोटर्स म्हणतात) जर्मनीच्या डेमलर-बेंझ कंपनीच्या मदतीनं जमशेदपूरला ट्रक बनवायला सुरुवात केली. मद्रासची अशोक लेलँडही त्याच सुमारास ट्रक काढू लागली. पुढं कित्येक वर्षं गाड्यांची घडण फारशी बदलली नाही. मग काय झालं, गावच्या लोहारानं एकदा पाटे शिकून घेतले की त्याला जन्मभर काम पुरायचं. एका उस्तादाचे चार चेले, त्या चार चेल्यांची चार दुकानं. असं करत करत देशभर रस्त्याकडेला दुकानं झाली.

आणि एका दुकानामागे आणखी किती कामं! कोल्हापूरच्या फाउंड्रींमध्ये गाड्यांच्या भागांचं ओतकाम होतं. राजकोटला सुटे भाग बनतात. तमिळनाडूतलं नामक्कल गाव तर ट्रकच्या बॉड्या बांधण्यासाठीच प्रसिद्ध आहे. गुळगुळीत झालेला टायर लगेच फेकत नाहीत, त्याची वरची साल खरवडून नवं रबर चढवतात आणि उष्णता देऊन पक्कं करतात. त्याला रिमोल्ड म्हणतात. जाड टायर चांगला राहिला असेल तर एकापेक्षा जास्त वेळाही हे करता येतं. आमच्या रांगेतले पंक्चरवाले पार केरळहून आलेले आहेत, आणि आता आमच्याइतकं मराठी बोलतात.

पण मुलांनो, हे दवाखाने धोक्याचेही आहेत, ते लपवून कशाला ठेवायचं? तुमच्या बाबांच्या कारच्या टायरमध्ये हवेचा दाब तीस-पस्तीस असतो, ट्रकच्या टायरमध्ये शंभराच्या वर. काही चाकांना टायर धरून ठेवणारी लोखंडी रिंग असते. हवा भरताना ती निसटली, तर तोफगोळ्यासारखी उडते. म्हणून शहाणा पंक्चरवाला चाक लोखंडी पिंजऱ्यात ठेवतो, नाहीतर साखळीनं बांधतो. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली जाणं हाही तसाच वेडेपणा. १४ वर्षांखालच्या मुलांना कामावर ठेवायला कायद्यानं बंदी आहे. १९८६ च्या कायद्यात २०१६ साली तसा बदल झाला. माझं तर म्हणणं, गॅरेज घरचं असलं तरी ती लहान मुलांनी हात घालायची जागा नव्हे. हेच सुनवायला मी गेले होते.

तर संध्याकाळ झाली, पाटे चढले. ड्रायव्हर पैसे मोजायला लागला, तर कमी पडले. पुढचं डिझेल आणि टोल बाजूला ठेवले तर नव्या मेन पाट्याचे पैसे उरेनात. तो म्हणाला, जुनाच तुकडा जोडून द्या, दिल्लीपर्यंत जाईल. मिस्तरी म्हणाले, "जोडलेला मेन पाटा मी चढवत नाही. घाटात तुटला तर?" मग त्यांनी हाक मारली आणि आतून माझा विद्यार्थी वही घेऊन आला. मला बघून जागच्या जागी थिजला!

ती उधारीची वही होती. मी ती हातात घेतली. पानंच्या पानं भरलेली. गाडीचा नंबर, काम, रक्कम, तारीख. सगळं माझ्या ओळखीच्या वळणदार अक्षरात. मिस्तरी खाली बघत म्हणाले, "बाई, घणाला मी त्याला हात लावू देत नाही. मला आकडे वाचता येतात, पान्ह्यावरचे बघून बघून शिकलो. पण लिहायला येत नाही. ज्या दिवशी गाड्या जास्त, त्या दिवशी तो लागतो."

चार शब्द सुनवायचे होते, ते कुठं गेले कोण जाणे. तरी मी म्हटलं, "मिस्तरी, शाळा पाचला सुटते. उधारी तेव्हा लिहिता येईल की." ते म्हणाले, "येईल. पण गाडीवाला पाचपर्यंत थांबेल का?" याचं उत्तर माझ्याजवळ नव्हतं.

शिवाय आता गाड्याही बदलल्या आहेत. २०२० सालापासून विकल्या जाणाऱ्या नव्या ट्रकांना बीएस सहा हा नियम लागू आहे. त्यांच्या धुरावर युरियाचं पाणी फवारून तो शुद्ध केला जातो. ते पाणी संपलं तर इंजिनाचा जोरच कमी होतो! बिघाड कुठं आहे, ते स्कॅनर लावून पडद्यावर वाचावं लागतं, आणि वर इंग्रजी अक्षरं. कान लावून इंजिनाचा आजार ओळखणारे जुने उस्ताद तिथं अडतात. दहावीनंतर आय.टी.आय.मध्ये डिझेल मेकॅनिकचा एक वर्षाचा अभ्यासक्रम असतो. तो केलेली पोरं आता रांगेत दिसू लागली आहेत. पाटे मात्र अजून कानानं आणि डोळ्यानंच बसतात.

आम्ही असं ठरवलं, की मिस्तरींनी दुपारच्या चहाला शाळेच्या व्हरांड्यात यायचं आणि रोज पाच शब्द लिहायचे. पाटा, बोल्ट, टायर, ट्रक, उधार. एवढे आले की वही चालते. ते आले, रोज नाही पण आले. मुलाची गैरहजेरी कमी झाली, संपली नाही. हंगामात अजूनही एखादा दिवस त्याची जागा रिकामी असते, आणि त्या दिवशी मी हजेरी घेताना रस्त्याकडे बघते.

कांद्याचा ट्रक तीन आठवड्यांनी परत आला. ड्रायव्हरनं राहिलेले पैसे दिले. त्या वेळी मी नेमकी तिथं होते. मुलगा वही उघडून पेन काढणार, तोच मिस्तरींनी काळ्या हातानं पेन घेतलं, ती ओळ शोधून काढली, तिच्यावर आडवी रेघ मारली आणि पुढं सावकाश लिहिलं, 'मिळले'.

"आबा, काना राहिला," मुलगा म्हणाला.

"राहू दे," मिस्तरी म्हणाले. "पैसे पूर्ण आलेत."