जमिनीचा वाद : बाजू मांडण्याचा हक्क वाया घालवू नका

व्यापार-उद्योगात भांडवलाला जेवढे महत्त्व आहे, तेवढेच जागेलाही आहे. दुकानाचा गाळा, यंत्रमागाची शेड, सुताराचा कारखाना, सारे कोणत्या तरी सर्व्हे नंबरवर उभे असते. आपले अनेक व्यापारी व कारागीर बंधू उधारीची वही चोख ठेवतात. मात्र सातबाराचा उतारा वर्षानुवर्षे पाहत नाहीत. मग कर्जासाठी उतारा काढला की कळते, आपले नाव कमी होऊन तेथे दुसऱ्याचे नाव लागले आहे.

असे परस्पर नाव लावता येते काय? कायदा 'नाही' म्हणतो. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम १५० प्रमाणे तलाठ्याने (आता ग्राम महसूल अधिकारी) फेरफाराची नोंद घेतली की तिची प्रत चावडीत लावावी लागते आणि हितसंबंध असलेल्या प्रत्येकास लेखी कळवावे लागते. कोणी हरकत घेतली तर ती तक्रार नोंदवहीत चढते व हरकतदारास पोच मिळते. त्यानंतर दोन्ही बाजूंचे म्हणणे ऐकूनच निर्णय द्यावा लागतो.

ही सरकारची मेहेरबानी नव्हे, हक्क आहे. घटनेच्या अनुच्छेद ३०० अ प्रमाणे कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता काढून घेता येत नाही. कोलकाता महानगरपालिकेच्या एका प्रकरणात १६ मे २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने या अनुच्छेदाचा अर्थ उलगडून सांगितला. सरकारला जागा घ्यायची असेल तर आधी नोटीस, मग सुनावणी आणि शेवटी कारणांसह निर्णय, हे मालकाचे हक्क आहेत, असे त्यात स्पष्ट झाले. खासगी वादातही महसूल अधिकाऱ्याला दुसरी बाजू ऐकल्याशिवाय निकाल देता येत नाही.

परंतु हक्क कागदावर असून भागत नाही. "नोटीस घेतली तर लफडे मागे लागेल" म्हणून काहीजण ती नाकारतात. यात नुकसान आपलेच होते; नोटीस नाकारल्याचा शेरा पडतो आणि प्रकरण एकतर्फी चालते. काहीजण तोंडी हरकत सांगून परततात. तोंडी बोलण्याचा पुरावा राहत नाही. म्हणून नोटीस घ्यावी, मुदतीत लेखी हरकत द्यावी, पोच मागून घ्यावी. तारखेला स्वतः किंवा वकिलामार्फत हजर राहावे, खरेदीखत, वीजबिल, कर पावत्या दाखल कराव्यात आणि आपली हजेरी रोजनाम्यात लिहिली गेली की नाही ते पाहावे.

निकाल विरुद्ध गेला तरी दार बंद होत नाही. मंडळ अधिकारी किंवा तहसीलदार यांच्या आदेशावर प्रांताधिकाऱ्यांकडे ६० दिवसांत अपील करता येते. आदेशाची नक्कल मिळण्यास लागलेले दिवस यातून वगळले जातात. उशिराला सबळ कारण असल्यास तो माफही होऊ शकतो. आपल्याला नोटीसच मिळाली नव्हती, हा अपिलातील भक्कम मुद्दा ठरतो. मात्र एक गोष्ट ध्यानात ठेवावी. फेरफाराने मालकी ठरत नाही, आणि मालकीचा वाद अखेर दिवाणी न्यायालयातच मिटतो. म्हणून सातबाऱ्यावर नाव लागले म्हणून गाफील राहू नये आणि नाव गेले म्हणून हातपाय गाळू नयेत.

हा न्याय आपण घरातही पाळतो काय? वडिलांच्या इंतकालानंतर वारसनोंद करताना फक्त भावांची नावे देऊन बहिणी व आई यांना वगळण्याचे प्रकार घडतात. शरीअतने त्यांचा हिस्सा ठरवून दिला आहे. नोटीस त्यांनाही मिळाली पाहिजे, त्यांचेही म्हणणे ऐकले गेले पाहिजे. आज लपवलेला वारस उद्या अपिलात उभा राहतो, आणि तोवर त्या जागेवर ना कर्ज मिळते ना गिऱ्हाईक.

तेव्हा वर्षातून एकदा तरी आपल्या जागेचा सातबारा, शहरात असल्यास मिळकत पत्रिका, काढून पाहावी. दुकानाच्या परवान्याची मुदत आपण जशी सांभाळतो, तशीच ही सवय लावून घ्यावी.