मॉरिस स्टोक्स आणि त्याचा साथीदार

अमेरिकेतल्या एनबीए या बास्केटबॉल लीगमध्ये १९५५ साली रॉचेस्टर रॉयल्सकडून उतरलेला मॉरिस स्टोक्स पहिल्याच हंगामात सर्वोत्तम नवोदित ठरला. उंची सहा फूट सात इंच, भक्कम बांधा आणि तरीही चेंडू घेऊन एखाद्या गार्डच्या चपळाईने मुसंडी मारणारा! दुसऱ्या हंगामात त्याने १,२५६ रिबाउंड घेतले. तो तेव्हाचा विक्रम होता.

१२ मार्च १९५८. मिनियापोलिसच्या सामन्यात त्याचं डोकं जमिनीवर आपटलं, तो बेशुद्ध पडला. शुद्धीवर आल्यावर पुन्हा खेळायला उतरलाही. अशा दुखापतीचं गांभीर्य त्या काळी फारसं कुणाला नव्हतं. तीन दिवसांनी डेट्रॉइटहून परतताना विमानातच प्रकृती ढासळली. मग कोमा आणि पक्षाघात. वय अवघं २४.

इथून पुढे ही गोष्ट जॅक ट्वायमनचीही आहे. संघातला हा गोरा सहकारी कृष्णवर्णीय स्टोक्सचा कायदेशीर पालक झाला. त्याने सरकारी भरपाईसाठी धडपड केली, उपचारांच्या खर्चासाठी कॅट्सकिल्समध्ये दरवर्षी मदतनिधीचे सामने भरवले. आणि याच काळात, १९५९-६० च्या हंगामात, स्वतः सामन्यामागे ३१.२ गुणांची सरासरी राखली!

स्टोक्स १९७० मध्ये, ३६व्या वर्षी गेला. २००४ मध्ये हॉल ऑफ फेमचा सन्मान त्याच्या वतीने ट्वायमननेच स्वीकारला. २०१३ पासून एनबीए सर्वोत्तम संघसहकाऱ्याला ट्वायमन-स्टोक्स पुरस्कार देते.