शंभर ओझरती दर्शनं

योनास मेकस यांची आई उघड्यावर चूल पेटवून रांधते आहे. दृश्य डोळ्यांत ठरतं न ठरतं तोच गवत, आभाळ, भावाचं हसणं आणि पुन्हा आई. 1944 मध्ये घर सोडलेला मुलगा 27 वर्षांनी, ऑगस्ट 1971 मध्ये, लिथुआनियातल्या सेमेनिश्किई या आपल्या गावी आला आहे. तरीही तो आईवर कॅमेरा धड स्थिर ठेवत नाही. ‘रेमिनिसन्सेस ऑफ अ जर्नी टू लिथुआनिया’ या मेकस यांच्या 1972 च्या चित्रपटाचा हा मधला भाग मी थांबवत, मागे नेत पाहिला, तेव्हा कुठे त्यातलं हाताचं काम दिसू लागलं.

कॅमेरा बोलेक्स, 16 मिलिमीटरचा, चावीवर चालणारा. पूर्ण चावी दिली तरी जेमतेम अर्धा मिनिट फिरतो. सेकंदाला 24 चौकटी धरल्या तर शंभर फुटी रीळ पावणेतीन मिनिटांत संपतं. एकेक चौकट सुटी टिपायचीही सोय असते. मेकस खटका दाबतात, सोडतात, वळतात, पुन्हा दाबतात. संकलनाचा मोठा भाग असा जागेवरच, बोटांनी उरकतो. 1949 मध्ये निर्वासित म्हणून न्यूयॉर्कला उतरल्यावर थोड्याच काळात त्यांनी उसन्या पैशांनी बोलेक्स घेतला होता. रोजनिशीसारखा तो वापरायची सवय तेव्हापासूनची.

या प्रवासात नेलेला नवा कॅमेरा मात्र सदोष निघाला. त्याचा वेग आपोआप कमी-जास्त होई. वेग वाढला की चौकटीला प्रकाश कमी पडून चित्र काळवंडतं, मंदावला की फटफटीत होतं. मेकस यांनीच पुढे सांगितलं, की लक्षात आल्यावर त्यांनी हा दोषच चित्रणात सामावून घेतला. त्यामुळे आईचा चेहरा क्षणात उजळतो, क्षणात विझतो.

पण स्मृती या लुकलुकण्यात आहे असं मला वाटत नाही. चित्रात आहे तो निव्वळ त्या ऑगस्टचा उन्हाळा. भूतकाळ येतो तो नंतर जोडलेल्या मेकस यांच्या संथ, अडखळत्या आवाजातून. पोलीस घरामागच्या झुडपांत दबा धरून त्यांची वाट पाहत, हे तो आवाज सांगतो तेव्हा समोरची हिरवाई एकदम परकी वाटू लागते. माझ्या मते चित्रपटाची खरी ताकद या जोडणीत आहे.

त्याची उणीवही तिथेच आहे. आवाज ज्याबद्दल गप्प, ते प्रेक्षकापर्यंत पोचतच नाही. गावाजवळच्या बिर्झाईत ऑगस्ट 1941 मध्ये सुमारे 2400 ज्यूंची कत्तल झाली. मेकस तेव्हा अठरा वर्षांचे होते, त्याच परिसरात राहत होते. चित्रपटात हे कुठेच नाही. इतिहासकार मायकेल कॅस्पर यांनी 2018 मध्ये मेकस यांच्या युद्धकाळातल्या आठवणींवर जाहीर प्रश्न उपस्थित केले, आणि ते रास्त होते.

निर्वासिताच्या परतीचं इतकं जिवंत चित्रण मी दुसरं पाहिलेलं नाही. जरूर पाहा, आणि पाहून झाल्यावर बिर्झाईबद्दलही वाचा.