कोरड्या रानातली फळझाडं (भाग ५) : कोय जागेवरच रुजू द्या

मराठवाड्यात आंबा लावायचं ठरलं की पहिला प्रश्न येतो, कलमं कुठून आणायची? माझं सांगणं आहे, की कलमं आणूच नका. रायवळ आंब्याच्या ताज्या कोया खड्ड्यात लावा आणि पुढच्या पावसाळ्यात रोपावर जागेवरच केशरचं कलम बांधा. यात एक वर्ष मागे पडल्यासारखं वाटेल. तरीही हा आग्रह का, ते समजायला आधी आपल्या हवेकडे पाहावं लागेल.

कोकणात तीन हजार मिलिमीटर पाऊस आणि आपल्याकडे सातशे-आठशे, हा फरक सगळ्यांना ठाऊक असतो. हवेतला फरक मात्र सहसा कुणी मोजत नाही. मे महिन्यातल्या दुपारी रत्नागिरीला ३३ अंश तापमान व ७० टक्के आर्द्रता आणि परभणीला ४२ अंश व १५ टक्के आर्द्रता धरली, तर परभणीची हवा पानातून पाणी ओढायला साडेचार पटींहून जास्त जोर लावते. आंबा पंचेचाळीस अंशांतही तग धरतो, पण ही ओढ भागवण्याइतकं पाणी मुळांनी वर पोचवलं तरच. नाहीतर झाड पानांची रंध्रं मिटून घेतं. त्यानं पाणी वाचतं, पण अन्न तयार होणं थांबतं, पान तापत जातं आणि कोवळी पालवी कडेनं करपते.

म्हणजे सगळा भार मुळांवर आहे. कोयीतून निघालेलं सोटमूळ सरळ खाली जातं. खोल जमिनीत ते वीस फुटांपर्यंतही पोचतं आणि मुरमात असेल तर फटी शोधत उतरतं. पिशवीतल्या रोपाचं हेच मूळ तळाशी टेकून गोल फिरतं, किंवा पिशवीबाहेर जमिनीत घुसलेलं असतं ते उचलताना तुटतं. असं झाड पावसाळ्यात टवटवीत दिसतं, पण एप्रिलमध्ये वरची दीड-दोन फूट माती सुकली की त्याच्याकडे दुसरी सोय नसते. २०१२-१३च्या दुष्काळात जालना-औरंगाबादकडच्या मोसंबीच्या कितीतरी बागा टँकरनं पाणी घालूनही गेल्या. मोसंबीची बहुतेक मुळं वरच्या थरातच असतात. आंब्याला खोल जाण्याची क्षमता निसर्गानंच दिली आहे. लावणीच्याच दिवशी आपण ती तोडून टाकतो, याचं मला फार वाईट वाटतं.

कोय ताजी हवी. महिनाभर पडून राहिलेली कोय बहुधा उगवत नाही. हंगामाच्या शेवटी, जूनमध्ये, एका खड्ड्यात दोन-तीन कोया लावाव्यात आणि पुढे सरळ, जोमदार रोप ठेवून बाकीची काढावीत. पुढच्या जुलै-ऑगस्टमध्ये खोड पेन्सिलीएवढं झालं आणि तांबूस पालवी फुटली की मृदुकाष्ठ कलम करायचं. कलमाच्या काडीवरची पानं दहा-बारा दिवस आधी देठ ठेवून छाटलेली असावीत, म्हणजे डोळे फुगतात. पावसाळी हवा दमट असते, म्हणून याच दिवसांत कलमं चांगली जमतात. एखादं फसलं, तर त्याच रोपाला पुन्हा फूट येऊ देऊन परत बांधता येतं. काडी केशरची का? हापूसला समुद्राकाठची दमट हवा मानवते. केशर मूळचा जुनागढचा, गिरनारच्या पायथ्याचा. कोरडा उन्हाळा त्याच्या ओळखीचा आहे.

पहिले दोन उन्हाळे मात्र जपावेच लागतात. पश्चिम आणि दक्षिण बाजूला तुराट्यांचा किंवा पऱ्हाट्यांचा आडोसा करा, पूर्व बाजू उघडी ठेवा. पश्चिमेच्या बांधावर शेवरी किंवा शेवगा लावला तर उष्ण वारा अडतो. आळ्यात पाचटाचं किंवा भुसकटाचं जाड आच्छादन हवं, पण खोडापासून चार बोटं दूर. कोरड्या रानात वाळवी पटकन चढते. खोडाला बोर्डो पेस्ट लावली की साल उन्हानं तडकत नाही. फेब्रुवारीनंतर नत्र देऊ नका. त्यानं येणारी कोवळी फूट थेट उन्हाच्या तोंडी जाते.

पाण्याच्या बाबतीत बहुतेकांचा हात चुकतो तो मायेपोटी. रोज थोडं पाणी बुंध्याशी दिलं की मुळं तिथेच घुटमळतात. खड्डा खोलवर भिजेल इतकं एकदम द्यावं, मग काही दिवस थांबावं. झाड वाढेल तसे ड्रिपर बुंध्यापासून बाहेर सरकवत न्यावेत.

आणि पानांची टोकं जळालेली दिसली की लगेच पाणी वाढवू नका. आधी बोअरचं पाणी तपासून घ्या. आंब्याला क्षार सोसत नाहीत. खारं पाणी उन्हात उडून जातं, क्षार मुळांपाशी साठतात आणि टोकं तहानेनं जळावीत तशीच जळतात. तेच पाणी आणखी दिलं की क्षारही आणखी साठतात. हे क्षार धुऊन काढते ती पावसाची चांगली झोड. म्हणून पावसाळ्यात आळी मोडू नयेत, पण चिकण जमिनीत पाणी तुंबूही देऊ नये. पोटॅश द्यायचं तर क्लोराइडऐवजी सल्फेटच्या रूपातलं घ्यावं.

चुनखडीच्या जमिनीत पानं पिवळी पडतात, पण शिरा हिरव्याच राहतात. त्याचं कारण आणि उपाय पुढच्या आठवड्यात पाहू.