आनंदराव सर्कलच्या मराठीचा माग

बेंगळुरूच्या मॅजेस्टिक भागातून रेसकोर्सकडे जाताना आनंदराव सर्कल लागतं. रिक्षावाले, बसचे कंडक्टर, उड्डाणपुलाखाली अडकून पडलेले दुचाकीस्वार दिवसभर हे नाव घेतात, पण हे आनंदराव कोण, असा प्रश्न कुणाला पडत नाही. टी. आनंदराव हे म्हैसूर संस्थानाचे १९०९ ते १९१२ या काळातले दिवाण. त्रावणकोर, इंदूर आणि बडोदा अशा तीन संस्थानांचा कारभार सांभाळणारे सर टी. माधवराव हे त्यांचे वडील. घराणं तंजावरच्या मराठी ब्राह्मणांचं. गंमत अशी की आनंदरावांच्या आधी दिवाण असलेले व्ही. पी. माधवरावही तंजावरी मराठीच होते. त्यानंतर विश्वेश्वरय्या आले आणि लोकांच्या आठवणीत तेच राहिले.

ही मराठी बेंगळुरूत कशी पोचली, याचं पहिलं उत्तर १६३८ सालात सापडतं. निजामशाही बुडाल्यावर विजापूरच्या आदिलशहाकडे गेलेले शहाजीराजे त्याच्या सरदार रणदुल्लाखानाबरोबर कर्नाटकाच्या मोहिमेवर आले. इथला नायक तिसरा केंपेगौडा याला बेंगळुरू सोडून मागडीला जावं लागलं आणि हे गाव शहाजीराजांच्या जहागिरीचं ठाणं झालं. जिजाबाई आणि लहान शिवाजी काही काळ इथे राहिले, मग पुण्याला परतले. महाराष्ट्रातल्या शाळेत या मुक्कामाला एखादं वाक्य मिळतं. शहाजीराजे मात्र पुढची पंचवीसेक वर्षं कर्नाटकातच वावरले आणि १६६४ मध्ये होदिगेरे इथे शिकारीत घोड्यावरून पडून गेले. त्यांची समाधी तिथेच, आजच्या दावणगेरे जिल्ह्यात आहे.

त्यांच्या बेंगळुरूच्या दरबाराचं चित्र ‘राधामाधवविलासचंपू’ या ग्रंथात मिळतं. जयराम पिंड्ये हा कवी नाशिककडून एवढा लांबचा प्रवास करून इथे आला आणि त्याने राजांपुढे बारा नारळ ठेवले. बाराच का, असं विचारल्यावर आपण बारा भाषांत कविता करतो, असं त्याने सांगितलं. हा ग्रंथ इतिहासाचार्य राजवाड्यांनी १९२२ मध्ये छापला. कवी थोडं फुगवून सांगतात हे गृहीत धरलं, तरी ज्या दरबारात बारा भाषांची बढाई मारून बक्षीस मिळण्याची आशा होती, तो दरबार एकभाषी नक्कीच नव्हता. शहाजीराजांचे पुत्र एकोजी, म्हणजेच व्यंकोजी, यांनी १६६९ मध्ये मल्लेश्वराच्या देवळाला एक गाव इनाम दिलं. त्या दानाचा शिलालेख कन्नडमध्ये आहे. राजा मराठी, देव मल्लिकार्जुन, लेख कन्नड, आणि यात कुणाला काही वावगं वाटलं नाही. प्लेगच्या साथीनंतर वसलेल्या मल्लेश्वरम या उपनगराला नाव मिळालं ते याच देवळावरून.

पुढे व्यंकोजींनी तंजावर घेतलं आणि बेंगळुरूचा भार त्यांना नकोसा झाला. म्हैसूरच्या चिक्कदेवराज वडियारांशी तीन लाख रुपयांत सौदा ठरत होता. तेवढ्यात, १६८७ मध्ये, औरंगजेबाचा सरदार कासिमखान येऊन गाव बळकावून बसला. वडियारांनी मग तेच तीन लाख मोगलांना देऊन ते घेतलं. बेंगळुरूतल्या भोसल्यांच्या राज्याची अखेर अशी एका जमिनीच्या व्यवहारात झाली. आजच्या बेंगळुरूला हे शोभूनच दिसतं.

राज्य गेलं, माणसं राहिली. शिलेदार शेतीत शिरले, लेखणीवाले कचेऱ्यांत टिकले. हैदरअलीच्या काळात म्हैसूरचे हिशेब कन्नडबरोबर मराठीतही ठेवले जात, टिपूने फारसीचा आग्रह धरला. पेठांमध्ये भावसार आणि नामदेव शिंपी रंगकामाच्या, शिलाईच्या आणि कापडाच्या धंद्यात स्थिरावले. विठ्ठलाला कर्नाटकात ओळख करून द्यावी लागत नाही, त्यामुळे त्यांचा देवही त्यांच्याबरोबर सहज मुरला. शेती आणि लष्करी पेशातल्या मराठ्यांना आसपासचे लोक ‘आरे’ म्हणत. आजही अनेक घरांत तुळजापूरची भवानी आणि जेजुरीचा खंडोबा ही कुलदैवतं आहेत. आणि मराठी आहे, पण ती स्वयंपाकघरापासून ओसरीपर्यंत. ओसरीच्या पुढे कन्नड सुरू होते.

परक्या भाषांनी वेढलेली भाषा कशी टिकते, हे पाहायला थोडं दूर जाऊ. जगात एकट्या पडलेल्या भाषेचं उदाहरण म्हणून अमेरिकेतल्या झुनी लोकांचं नाव नेहमी घेतलं जातं. न्यू मेक्सिको राज्याच्या पश्चिमेला, कोरड्या पठारावर त्यांचं गाव आहे. ते स्वतःला अशिवी म्हणवतात. होपी, नवाहो, केरेस या शेजाऱ्यांच्या भाषांशी त्यांच्या भाषेचं नातं जुळत नाही. जगातल्या कुठल्याच भाषेशी ते सिद्ध झालेलं नाही. सोन्याच्या शहरांच्या अफवेवर विसंबून कोरोनाडो हा स्पॅनिश सरदार १५४० मध्ये त्यांच्या हाविकू गावावर चालून आला. मिळाले ते मातीचे वाडे आणि मका. स्पॅनिशांविरुद्धच्या १६८० च्या मोठ्या उठावानंतर झुनींनी एका उंच, सपाट माथ्याच्या डोंगराचा आसरा घेतला आणि खाली उतरल्यावर सगळ्यांनी मिळून एकच गाव वसवलं. त्यांची भाषा आजही काही हजार लोक बोलतात. हिवाळ्यात शालाको सण येतो, तेव्हा उंच मुखवटाधारी दैवतं गावात उतरतात आणि नव्या घरांना आशीर्वाद देतात.

झुनी टिकली, कारण गाव, शेत, देव आणि भाषा एकाच जागी राहिले. मात्र ती शुद्ध राहिली म्हणून टिकली, असं कुणी समजू नये. तिच्या धार्मिक शब्दांत होपी आणि केरेस भाषांतून घेतलेले शब्द आहेत. ज्या भाषांशी तिचं रक्ताचं नातं नाही, त्यांच्याशी तिने देवघरापर्यंत देवाणघेवाण केली. बेंगळुरूच्या मराठीची स्थिती याच्या उलट. तिची सख्खी भावंडं उत्तरेला कोट्यवधींच्या संख्येने आहेत, तिच्या पायाखालची जमीन तेवढी कन्नडची आहे.

शेकडो वर्षं एका अंगणात राहिल्यावर भाषांचं काय होतं, याचा गाजलेला अभ्यास सांगली जिल्ह्यातल्या कुपवाडचा आहे. जॉन गम्पर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांनी तो १९७१ मध्ये प्रसिद्ध केला. तिथे जैन आणि लिंगायत कन्नड बोलत, मुसलमान उर्दू, दलित मराठी, आणि थोडी घरं तेलुगू. शब्द वेगवेगळे राहिले, पण वाक्यांची ठेवण इतकी एक झाली होती की एका भाषेतलं वाक्य शब्दाला शब्द बदलून दुसऱ्या भाषेत ठेवता येई. तिथल्या मराठीत निर्जीव वस्तूंचं लिंगही कन्नडच्या वळणाने चालू लागलं होतं. पुण्याच्या व्याकरणाने मोजलं तर ती ‘चुकीची’ मराठी. कुपवाडच्या बाजारात तिने कुणाचंही काम अडवलं नाही.

बेंगळुरूतली जुनी मराठी घरं मात्र आणखी एका गोष्टीत वेगळी आहेत. तिथली भाषा बहुतेक कानावरची आहे. शाळा कन्नडमध्ये झाली, वर्तमानपत्र कन्नड, लग्नपत्रिकाही कन्नडच. शिवाजीराव गायकवाड १२ डिसेंबर १९५० ला बेंगळुरूत अशाच घरात जन्मले. वडील पोलीस शिपाई, घरात मराठी, शाळेत कन्नड. बसमध्ये कंडक्टर म्हणून तिकिटं फाडल्यावर त्यांनी मद्रास गाठलं आणि तमिळमध्ये रजनीकांत झाले. महाराष्ट्रापासून इतक्या दूरही या माणसाचं नाव शिवाजीच ठेवलं गेलं, हे लक्षात घेण्यासारखं आहे.

१९९० नंतर संगणकाच्या नोकऱ्यांमागून पुण्या-मुंबईची नवी मराठी आली. तिच्याबरोबर गणेशोत्सव आला, नाटकांचे प्रयोग आले, दिवाळी अंकांची मागणी आली. या मंडळींना चिक्कपेटेतल्या दुकानदाराची मराठी ऐकून आधी हसू येतं, मग कुतूहल वाटतं, आणि बऱ्याचदा गोष्ट तिथेच थांबते. राजकारणाला मात्र हा फरक दिसत नाही. २०२० च्या नोव्हेंबरमध्ये कर्नाटक सरकारने मराठा विकास प्राधिकरण जाहीर केलं, तेव्हा कन्नड संघटनांनी ५ डिसेंबरला बंद पुकारला. बेळगावचा सीमावाद आणि पेठेतलं साडेतीनशे वर्षांचं घर, दोन्ही एकाच मापाने मोजली गेली. ज्यांच्यासाठी प्राधिकरण होतं, त्यांतले कितीतरी जण कन्नडमध्येच भांडतात आणि कन्नडमध्येच हिशेब करतात.

झुनी भाषेवर रूथ बन्झेल यांनी १९३० च्या दशकात व्याकरण लिहिलं, स्टॅन्ली न्यूमन यांनी १९५८ मध्ये कोश काढला. पुण्याच्या डेक्कन कॉलेजने अलीकडे मराठीच्या बोलींचं मोठं सर्वेक्षण हाती घेतलं आणि ध्वनिमुद्रणं सगळ्यांना ऐकता येतील अशी ठेवली. ते काम महाराष्ट्राच्या जिल्ह्यांत झालं. त्याच प्रश्नावल्या घेऊन कुणी बेंगळुरूच्या पेठांत, कोलारच्या खेड्यांत आणि होसूरच्या बाजूला बसलं, तर मराठीच्या नकाशावर दक्षिणेकडे बरंच काही भरता येईल. सांगणारी माणसं तिथे आहेत, आणि बोलायला त्यांना आवडतं.