टॉम ऑल्टर : पडद्यावरचे साहेब, क्रिकेटचे अभ्यासक

नवी दिल्ली : कॅनॉट प्लेसहून इंडिया गेटच्या दिशेने जाणारा कस्तुरबा गांधी मार्ग पूर्वी व्हाइसरॉय लॉर्ड कर्झन यांच्या नावाने, ‘कर्झन रोड’ म्हणून ओळखला जात असे. रस्त्याच्या या जुन्या आणि नव्या, अशा दोन्ही नावांची आठवण ज्यांच्या कारकिर्दीमुळे यावी असे एक नट म्हणजे टॉम ऑल्टर. इंग्रज साहेबांच्या भूमिका त्यांनी वर्षानुवर्षे केल्या; आणि रिचर्ड ॲटनबरो यांच्या ‘गांधी’ (१९८२) या चित्रपटात आगाखान पॅलेसमधील डॉक्टरही तेच होते. पुण्याच्या याच वास्तूत, स्थानबद्धतेत असताना, २२ फेब्रुवारी १९४४ रोजी कस्तुरबांचे निधन झाले.

चित्रपटात एखाद्या प्रसंगापुरता येऊन कथेला वळण देणारा, ज्याचा चेहरा सर्वांना ठाऊक पण नाव चटकन आठवत नाही, अशा नटाला ‘चरित्र अभिनेता’ म्हणतात. ऑल्टर यांच्या बाबतीत चेहऱ्यानेच भूमिका ठरवून टाकल्या. स्वातंत्र्यलढ्यावरील चित्रपटांना गोरा अधिकारी हवा असे, आणि हिंदी-उर्दू अस्खलित बोलणारा गोरा नट मुंबईत दुर्मीळ. वास्तविक ते परदेशी नव्हतेच. अमेरिकन मिशनरी कुटुंबाच्या भारतातील तिसऱ्या पिढीत, २२ जून १९५० रोजी मसुरी येथे त्यांचा जन्म झाला. घरी बायबलचे वाचन उर्दूतून होई. तरीही ‘आपण हिंदी किती छान बोलता’ हे कौतुक त्यांचा पिच्छा सोडत नसे.

शिक्षणासाठी ते अमेरिकेत येल विद्यापीठात गेले आणि वर्षभरातच परतले. हरियाणातील जगाधरी येथे शाळेत शिकवता शिकवता मुलांना क्रिकेटचे धडेही देत. तेथेच राजेश खन्ना यांचा ‘आराधना’ पाहून त्यांना अभिनयाचे वेड लागले. १९७२ ते १९७४ ही दोन वर्षे त्यांनी पुण्याच्या चित्रपट संस्थेत रोशन तनेजा यांच्या हाताखाली काढली. नसीरुद्दीन शाह आणि बेंजामिन गिलानी हे तेथले सोबती; पुढे या मंडळींनी ‘मोटली’ ही नाट्यसंस्था उभी केली.

‘चरस’ (१९७६) पासून चित्रपटांची रांग लागली. सत्यजित राय यांच्या ‘शतरंज के खिलाडी’मधील कॅप्टन वेस्टन हा त्यांच्या साहेबांपैकी सर्वांत वेगळा म्हणावा लागेल. हा अधिकारी नवाब वाजिद अली शाह यांच्या काव्याचा रसिक आहे, आणि जनरल आउट्रम यांना त्या काव्याची गोडी समजावून सांगताना त्याची होणारी तारांबळ पाहण्यासारखी आहे. इतर बहुतेक चित्रपटांनी त्यांच्याकडून फक्त हुकूम सोडून घेतले. केतन मेहता यांच्या ‘सरदार’मध्ये ते लॉर्ड माउंटबॅटन होते, ‘परिंदा’तील मूसा आणि ‘जुनून’ मालिकेतील केशव कलसी या भूमिकांनी मात्र ती चौकट मोडली.

पडद्याने जे दिले नाही, ते त्यांनी क्रिकेटमध्ये शोधले असे म्हणता येईल. १९८०च्या दशकापासून त्यांनी नियतकालिकांतून खेळावर सातत्याने लिहिले. चित्रपटसृष्टीतील क्रिकेटवेड्यांच्या संघातून ते स्वतः खेळतही. त्यांचे सर्वांत मोलाचे काम मात्र काही मिनिटांचे आहे. डिसेंबर १९८८ मध्ये मुंबईच्या एका शाळकरी मुलाने रणजी पदार्पणातच गुजरातविरुद्ध नाबाद शतक झळकावले. त्यानंतर काही आठवड्यांनी, जानेवारी १९८९ मध्ये, ऑल्टर यांनी त्या पंधरा वर्षांच्या मुलाला कॅमेऱ्यासमोर बसवले आणि वेस्ट इंडिज दौऱ्यासाठी निवड झाली तर जाशील का, हे विचारले. तो दौरा सचिन तेंडुलकरविनाच झाला. त्याचे कसोटी पदार्पण १५ नोव्हेंबर १९८९ रोजी कराचीत झाले. सचिनची चित्रफितीवरील ही पहिली मुलाखत मानली जाते. उपग्रह वाहिन्या तेव्हा यायच्या होत्या, आणि शाळकरी खेळाडूसमोर कॅमेरा लावणे ही नित्याची गोष्ट नव्हती. धावफलकावर न उमटणारा सचिनचा तो कोवळा, संकोची आवाज त्यामुळेच आज ऐकायला मिळतो.

साहेबाचा वेश पूर्णपणे उतरला तो रंगभूमीवर, आणि विशेषतः दिल्लीत. डॉ. एम. सईद आलम यांच्या ‘मौलाना आझाद’ या उर्दू एकपात्री नाटकात, दोन तासांहून अधिक काळ, ऑल्टर एकटे रंगमंचावर असत. आत्मकथन सांगणारे, मध्येच विनोद करणारे, फाळणीच्या आठवणीने व्यथित होणारे मौलाना त्यांनी उभे केले. फाळणीची झळ ऑल्टर यांच्या घरालाही लागली होती : त्यांच्या वडिलांचा जन्म सियालकोटचा, आणि १९४७ नंतर कुटुंब दोन देशांत विभागले गेले. गालिब आणि बहादूरशाह जफर यांच्या भूमिकाही त्यांनी केल्या. माउंटबॅटन आणि आझाद, या फाळणीच्या वाटाघाटींत समोरासमोर बसलेल्या दोन्ही व्यक्ती एकाच नटाने साकारल्याचे उदाहरण विरळाच.

२००८ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. त्वचेच्या कर्करोगाने २९ सप्टेंबर २०१७ रोजी, वयाच्या ६७ व्या वर्षी, मुंबईत त्यांचे निधन झाले.